पाण्याखालचं गाव, पाडलेला वाडा आणि पिशवीतली माती

स्मृती आणि स्थळ या विषयावर चित्रं करणाऱ्या वाचकांकडून प्रश्न मागवले होते. आलेल्या बहुतेक पत्रांचा सूर 'मनात खूप आहे, कागदावर उतरत नाही' असा होता. उतरत नाही याचं कारण अनेकदा मनात नसतं, पद्धतीत असतं. म्हणून इथली उत्तरं मुख्यतः नकाशा, माती, कागद आणि मोजपट्टी यांच्याबद्दल आहेत.

आमचं जुनं गाव उजनीच्या पाण्यात गेलं. माझा जन्म नव्या गावठाणातला. आजी आणि तिच्या वयाची चार-पाच माणसं सांगतात त्यावरून जुन्या गावाचा मोठा नकाशा रंगवायचा आहे. पण प्रत्येकाचं सांगणं वेगळं. खरं कोणाचं धरू? (एक वाचक, इंदापूर तालुका)

कोणा एकाचं धरू नका आणि कोणाचं खोडूही नका. सांगण्यातला फरक हाच तुमच्या चित्राचा विषय आहे. तो हरवू नये अशा रीतीने नोंद करायची.

एका वेळी एकाच माणसाशी बोला. चौघं एकत्र बसली की ज्याचा आवाज मोठा त्याचा नकाशा होतो आणि बाकीचे मान डोलावतात. 'गाव कसं होतं?' असं विचारलं की 'लई चांगलं होतं' याच्यापुढे गाडी जात नाही. वाटेचा प्रश्न विचारा. घागर घेऊन उंबऱ्याबाहेर पडलात, कोणत्या हाताला वळायचं? पहिलं दार कोणाचं लागायचं? उतार कुठून सुरू व्हायचा? उन्हात पाय कुठे भाजायचे, सावली कुठे मिळायची? बायकांच्या वाटा पाणवठ्याच्या, सरपणाच्या, धुण्याच्या असतात. पुरुषांच्या चावडीकडे, शेताकडे, बाजाराकडे जातात. नुसत्या पुरुषांकडून केलेल्या नकाशात अर्धं गाव गायब असतं.

मोबाइलवरचा उपग्रह नकाशा आधी दाखवायचा नाही. एकदा चित्र डोळ्यांसमोर आलं की माणूस आठवायचं सोडून जुळवायला लागतो. प्रत्येकासाठी ए-टू आकाराचा वेगळा ट्रेसिंग पेपर घ्या आणि प्रत्येकाचा रंग वेगळा ठेवा. आजीने स्वतः रेघ ओढली तर उत्तम. नसेल ओढत तर तिच्यासमोर बसून तुम्ही ओढा आणि 'इथे का, अजून पुढे?' असं विचारत जा. नंतर सगळे कागद एकावर एक ठेवताना सर्वांना मान्य असलेल्या दोन जागा पक्क्या करा, बहुधा देऊळ आणि वेस. या दोन बिंदूंवर कागद जुळवले की बाकीचं कुठे सरकतं ते आपोआप दिसतं.

दोन चुका जवळपास सगळ्यांकडून होतात. एक, तिरपी वळणं आठवणीत काटकोनी होतात. दोन, जास्त वळणांची वाट प्रत्यक्षापेक्षा लांब वाटते. म्हणून अंतर फुटांत किंवा मैलांत विचारण्यापेक्षा कामात विचारा: पाणी घेऊन परत येईपर्यंत चूल पेटलेली असायची का? तेवढ्यात दूध काढून व्हायचं का?

मोजलेला पाया वेगळा तयार करा. सर्व्हे ऑफ इंडियाचा १:५०,००० चा नकाशा घरांसाठी कामाचा नाही, कारण ३०० मीटरचं गावठाण त्यावर ६ मिलिमीटर भरतं. नदीचं वळण आणि शेजारची गावं यांच्यासाठी मात्र तो लागतोच. भूमी अभिलेख कार्यालयातल्या गावनकाशात गट आणि शिवेच्या रेघा मिळतात, पण गावठाण त्यात बहुतेक एकच ठिपका असतो, आतली घरं नसतात. ती मोकळी जागा भरायला तुमची माणसं आहेत.

उन्हाळ्यात उजनीचं पाणी उतरलं की पळसदेवचं जुनं देऊळ उघडं पडतं, काही ठिकाणी जोतीही दिसतात. तेव्हा ३० मीटरचा टेप घेऊन जा. देवळाच्या दारापासून दिसणाऱ्या प्रत्येक जोत्याचं अंतर आणि दिशा लिहून घ्या. धरणाचा गाळ वरून वाळलेला, तडकलेला दिसतो आणि आत ओला असतो, कमरेपर्यंत पाय जाऊ शकतो. तिथल्या मासेमारी करणाऱ्यांना सोबत घेतल्याशिवाय पाऊल टाकू नका.

रंगवताना मोजलेला थर बारीक करड्या रेषेत आणि सांगितलेले थर रंगात ठेवा. दोन सांगणी जुळत नाहीत तिथे रेघ दुहेरीच राहू द्या. मधोमध तिसरी रेघ काढून तडजोड केलीत, तर जी वाट कोणाच्याच आठवणीत नव्हती ती चित्रात येईल.

माहेर लातूरकडचं, सासर रत्नागिरीचं. दोन्हीकडची माती आणून चित्रासाठी रंग केला. कोकणातल्या मातीचा रंग छान बसला. काळ्या मातीचा मात्र वाळल्यावर भेगाळतो, पापुद्रे निघतात. सुतारकामाचा पांढरा गोंद घातला तरी तेच. काय चुकतंय? (एक वाचक, रत्नागिरी)

चूक तुमची नाही, मातीचा स्वभावच तसा आहे. कोकणातली जांभ्याची माती लोह ऑक्साइडने भरलेली असते. पाणी प्यायली तरी ती फारशी फुगत नाही. काळ्या कापसाच्या मातीत माँटमोरिलोनाइट नावाचं चिकण खनिज असतं. त्याच्या थरांमध्ये पाणी शिरतं, माती फुगते आणि वाळताना तेवढीच आकसते. मे महिन्यात शेताला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, तेच तुमच्या कागदावर छोट्या प्रमाणात घडतं. गोंद वाढवून ते थांबत नाही. गोंदाचा थर मातीबरोबर ओढला जातो आणि पापुद्रा कागद सोडतो.

आधी माती नीट गाळून घ्या. दोन्ही मातींसाठी पद्धत एकच. अर्धा किलो माती पाच लिटर पाण्यात रात्रभर भिजवा, सकाळी हाताने मोडून ढवळा. साधारण मिनिटभर थांबा. वाळू आणि खडे तळाशी बसतात. वरचं गढूळ पाणी दुसऱ्या बादलीत मलमलीच्या कापडातून ओता. तळाचा गाळ टाकून द्या. गढूळ पाणी झाकून ठेवा. जांभ्याची माती एका दिवसात बसेल, काळीला दोन-तीन दिवसही लागतील. लवकर बसावी म्हणून तुरटी फिरवायचा मोह होतो, पण तुरटी आम्लधर्मी आहे आणि तिचा अंश मातीत राहिला तर कागद पिवळा पडून ठिसूळ होतो. थांबा, घाई नको. वरचं नितळ पाणी काढून टाका, ताजं पाणी घाला, पुन्हा बसू द्या. असं तीनदा करा. खाजणाजवळची किंवा क्षारपड जमिनीतली माती असेल तर पाचदा, नाहीतर चित्र वाळल्यावर दोन आठवड्यांनी वर पांढरी भुकटी उगवते. ते मीठ असतं, बुरशी नव्हे. शेवटी लगदा ताटात पसरून सावलीत वाळवा, कुटा, बारीक चाळणीने चाळा.

बाइंडरसाठी, म्हणजे रंग कागदाला धरून ठेवणाऱ्या चिकट द्रावणासाठी, गम अरेबिक घ्या. बाभळीचा स्वच्छ डिंकही चालतो, रंग थोडा तपकिरी येतो, मातीच्या रंगात तो खपून जातो. कतिरा घेऊ नका, तो फुगतो पण विरघळत नाही. वजनाने एक भाग डिंक, दोन भाग कोमट पाणी, रात्रभर ठेवून कापडातून गाळा. १०० मिलिलिटर द्रावणात ५ मिलिलिटर ग्लिसरीन आणि लवंगाच्या तेलाचे दोन-तीन थेंब घाला. ग्लिसरीनने थर लवचिक राहतो, लवंगेच्या तेलाने द्रावण आंबत नाही. ग्लिसरीन दुप्पट केलंत तर पावसाळ्यात चित्र बोटाला चिकटेल. आता काचेवर मातीची पूड आणि डिंकाचं पाणी सारख्याच मापाने घेऊन जाड बुडाच्या काचेने घोटा. घोटताना कचकच आवाज येतोय तोवर थांबायचं नाही.

काळ्या मातीसाठी तीन उपाय आहेत, त्यातला पहिला आधी करून बघा. एक: थर पातळ ठेवा, चहाच्या डागाइतका. एक थर पूर्ण वाळल्यावर दुसरा, असे चार-पाच थर द्या. गडदपणा येतो, भेगा येत नाहीत. दोन: एक भाग मातीत अर्धा ते एक भाग बारीक खडूची पूड किंवा दगडाची बारीक चाळलेली धूळ मिसळा. न आकसणारे कण मध्ये आले की ओढ कमी होते. खडूने रंग राखाडी होतो, काळ्या बसाल्टच्या धुळीने होत नाही. खाणीजवळ ही धूळ सहज मिळते आणि तीही त्याच भूमीची, म्हणून हा उपाय आम्हाला जास्त आवडतो. तीन: माती कुंभाराच्या भट्टीत भाजून घ्या. ६०० अंशांच्या वर तिची फुगण्याची खोड कायमची जाते. पण हवेत भाजल्यावर ती विटेच्या रंगाकडे झुकते आणि तुम्हाला हवा तो काळा उरत नाही. त्याउलट कोकणातली पिवळसर माती घरच्या जाड लोखंडी तव्यावरही भाजता येते. साधारण २५० ते ३०० अंशांना तिच्यातलं पिवळं लोहखनिज लाल होतं. अर्धा तास परतत राहा आणि दर पाच मिनिटांनी चमचाभर बाजूला काढा. एकाच मातीच्या पिवळ्यापासून लालापर्यंत सहा छटा हातात येतात.

डिंकाचा रंग ताणलेल्या कॅनव्हासवर लावू नका. कापड हलतं, डिंक हलत नाही, पापुद्रा सुटतो. २५० ते ३०० जीएसएमचा (एका चौरस मीटर कागदाचं ग्रॅममधलं वजन) सुती कागद किंवा लाकडी पाट घ्या. कॅनव्हासच हवा असेल तर डिंकाऐवजी अॅक्रिलिक मीडियम वापरा. चाचणी सोपी आहे: चोवीस तासांनी कोरड्या बोटाने चोळा. भुकटी आली तर डिंक कमी पडलाय, थर काचेसारखा चमकत असेल तर जास्त झालाय.

पिशवीवर त्याच दिवशी गाव, शेत किंवा जागा, किती खोलीवरची माती आणि तारीख लिहा. चार महिन्यांनी सगळ्या पिशव्या सारख्याच दिसतात. मग 'ही माहेरची माती' हे वाक्य नुसतं वाक्य उरतं.

कोकणात आहात म्हणून एक सुचवणं: किनारपट्टीच्या जुन्या देवळांतलं कावीकाम जाऊन बघा. चुन्याच्या पांढऱ्या गिलाव्यावर काव, म्हणजे तांबड्या मातीचा रंग, लावून, ती ओली असतानाच खरवडून आतलं पांढरं उघडं करतात. जिथली भूमी तिथलाच रंग, हे त्या कारागिरांनी कोणत्याही सिद्धान्ताशिवाय केलं. त्यांची रेघ बघण्यासारखी आहे.

आमचा पेठेतला वाडा दोन वर्षांपूर्वी पाडला. झरीना हाश्मींची घराच्या आराखड्यांची चित्रं पाहिल्यापासून तसा छापा करावा असं वाटतंय. फोटो मोजकेच आहेत. आराखडा कसा उभा करू, आणि घरच्या घरी छापता येईल का? (एक वाचक, पुणे)

झरीना १९३७ साली अलीगढला जन्मल्या, गणित शिकल्या आणि पुढे पॅरिसमध्ये छापचित्रण शिकल्या. १९९४ च्या 'फादर्स हाऊस १८९८–१९९४' या छाप्यात वडिलांच्या घराचा आराखडा आहे आणि खोल्यांची नावं उर्दूत आहेत. रडणारं माणूस नाही, मोडकी खिडकी नाही. आराखडा इतका नेमका आहे की घर गेल्याचं वेगळं सांगावं लागत नाही. तुम्हालाही तेवढ्याच नेमकेपणाने काम करावं लागेल.

घरातली वडीलधारी माणसं वाड्याचं माप फुटांत सांगणार नाहीत, 'सोपा पाच खणांचा, माजघर तीन खणांचं' असं सांगतील. दोन तुळयांमधली जागा म्हणजे एक खण. तो प्रत्येक वाड्यात वेगळा असतो, त्यामुळे एका वाड्याचं माप दुसऱ्याला लावता येत नाही. आधी खणांतच आराखडा काढा: दिंडी, देवडी, चौक, ओसरी, सोपा, माजघर, देवघर, कोठीची खोली, वर जाणारा जिना. नातं आधी जुळवायचं, माप नंतर.

खण फुटांत आणायला सगळ्यात खात्रीची जागा म्हणजे शेजाऱ्याची भिंत. सामायिक भिंत उभी असेल आणि नवी इमारत अजून तिच्यापर्यंत चढली नसेल तर आजच जा. त्या भिंतीत तुळयांची भोकं ओळीने दिसतात. एका भोकाच्या मध्यापासून पुढच्याच्या मध्यापर्यंत मोजलंत की तुळईची जाडी धरून खण मिळाला. जिन्याचा तिरका ठसा, प्रत्येक खोलीचा वेगळा चुन्याचा रंग, स्वयंपाकघराच्या जागी धुराने काळा पडलेला पट्टा, खुंटीची भोकं हेही तिथेच असतं. टेप लावून, सरळ समोरून फोटो घ्या. ही भिंत प्लॅस्टर झाली की सगळं गेलं.

भिंत गेली असेल तर सिटी सर्व्हेचं मालमत्ता पत्रक काढा. त्यात मिळकतीचं क्षेत्रफळ असतं. बाहेरची हद्द पक्की झाली की आतले खण त्यात बसवायचे. जुन्या फोटोतून माप काढताना ज्याची उंची माहीत आहे तो माणूस आणि ज्याचं माप हवंय ते दार एकाच रेषेत, कॅमेऱ्यापासून सारख्या अंतरावर असले पाहिजेत. माणूस दारापुढे चार फूट उभा असेल तर दार बुटकं निघतं.

बेरीज जुळली नाही तर ताणून बसवू नका. वाडे पिढ्यान्‌पिढ्या वाढत गेलेले असतात, भिंती काटकोनात नसतात. ज्या खोलीचं माप मिळत नाही ती तुटक रेषेने दाखवा. झाकून टाकलेल्या शंकेपेक्षा तुटक रेघ जास्त खरी.

आता छापा. १:५० प्रमाणात १२ मीटरचा वाडा २४ सेंटिमीटर होतो, म्हणजे ३० बाय ४० सेंटिमीटरचा ठोकळा पुरे. पहिल्यांदा करत असाल तर लिनो, म्हणजे कोरायला मऊ असा लिनोलियमचा तुकडा, घ्या. लाकूडच हवं असेल तर शिवण मऊ आणि सरळ कापली जाते. सागाचे रेषे कडक-मऊ असल्याने हत्यार घसरतं. आराखडा ट्रेसिंग पेपरवर काढा, कागद उलटा करून ठोकळ्यावर उतरवा. हे विसरलात तर जिना चौकाच्या दुसऱ्या बाजूला जाईल आणि अक्षरं वाचता येणार नाहीत. भिंतीची रेघ दीड-दोन मिलिमीटरपेक्षा बारीक ठेवू नका, तुटते. खोल्यांची नावं कोरायची असतील तर अक्षरं किमान १५ मिलिमीटर उंच घ्या. देवनागरीत 'ळ', 'झ', 'घ' यांच्या पोटातल्या जागा छोट्या अक्षरात शाईने बुजतात.

तेलाची छपाईची शाई काचेवर रोलरने पसरा. रोलर फिरताना चिकट सपसप आवाज आला तर शाई जास्त आहे, बारीक एकसारखी सुरसुर येईपर्यंत पसरत राहा. ठोकळ्यावर एक जाड थर देण्यापेक्षा तीन पातळ थर द्या. हाताने छापायला ४० ते ६० जीएसएमचा पातळ हातकागद घ्या, वर गुळगुळीत कागद ठेवून स्टीलच्या चमच्याच्या पाठीने मधून कडेकडे घासा. एक कोपरा दाबून ठेवून दुसरा उचलून बघा, जिथे फिकं आहे तिथे पुन्हा घासा. २०० जीएसएमचा जाड कागद प्रेसशिवाय नीट उठत नाही, तो नाद सोडा. प्रत काढून झाल्यावर खाली पेन्सिलीने डावीकडे ३/१२ अशी संख्या, मध्ये शीर्षक, उजवीकडे सही. बाराच प्रती काढायच्या ठरवल्या तर बारावीनंतर ठोकळ्यावर एक आडवा काप द्या. घेणाऱ्याला दिलेला तो शब्द असतो.

गावाकडच्या आठवणींवर चित्रं करतो, पण पाहणारे म्हणतात, 'छान, पण नॉस्टॅल्जिक आहे.' हे कसं टाळायचं? (एक वाचक, कोल्हापूर)

पार, पिंपळ, बैलगाडी, कंदील, डोक्यावर घागर घेतलेली बाई. यातलं काय तुमच्या गावचं आणि काय कॅलेंडरवरचं, हे आधी वेगळं करा. तुमच्या गावच्या पिंपळाला कोणत्या बाजूची फांदी नव्हती? ती कशाने गेली? हे सांगता येत नसेल तर तो पिंपळ तुमच्या आठवणीतला नाही.

मग आजचं गाव चित्रात येऊ द्या. सुधीर पटवर्धन ठाण्यात रेडिओलॉजिस्ट म्हणून काम करत चित्रं काढत राहिले. त्यांच्या २००१ च्या 'लोअर परळ'मध्ये बदलत चाललेला गिरणगाव आहे, हरवलेल्याचा उमाळा नाही. चित्रकार समोर उभा राहून बघतोय हे त्यात कळतं. तुमच्या गावातही पेव्हर ब्लॉक, मोबाइलचा टॉवर, स्लॅबवरची काळी टाकी आणि अर्धवट सोडलेल्या सळ्या आहेत. त्या वगळल्या की पाहणाऱ्याला लगेच समजतं की चित्रकार इथे बऱ्याच दिवसांत आलेला नाही.

तुमच्याच शहरातल्या आबालाल रहिमान यांनी कोटितीर्थाचा परिसर पुन्हा पुन्हा रंगवला. तीच शिस्त लावून घ्या. एकच जागा निवडा, उभं राहायची खूण ठरवा आणि वर्षभर महिन्यातून एकदा त्याच आकाराच्या कागदावर, त्याच वेळेला काम करा. मागे तारीख, वेळ, हवा लिहा. आधी जागेवर न जाता आठवणीतून काढायचं, मग जागेवर जाऊन काढायचं, दोन्ही शेजारी लावायची. चौथ्या-पाचव्या जोडीपासून आठवण काय वगळते ते स्पष्ट दिसायला लागतं.

गावाबाहेरच्या वीरगळांचे, म्हणजे लढाईत पडलेल्या वीरांच्या स्मृतिशिळांचे, कागदावर घासून ठसे घ्यायचे आहेत. कसे घ्यावेत? (एक वाचक, सातारा जिल्हा)

आधी कुठे घेऊ नयेत ते. संरक्षित स्मारकाच्या आवारात नाही. केंद्राचा १९५८ चा आणि राज्याचा १९६० चा कायदा तिथे लागू होतो, पुरातत्त्व खात्याच्या लेखी परवानगीशिवाय हात लावू नये. शेंदूर लावलेल्या, पूजेतल्या दगडावर नाही. बोटाने पूड सुटत असेल किंवा पापुद्रे दिसत असतील तर नाहीच. बाकी ठिकाणी ग्रामपंचायतीला आणि ज्याच्या बांधावर दगड आहे त्याला विचारून.

शिवाय वीरगळावर घासून ठसा फारसा चांगला येतही नाही. खाली लढाई, मध्ये वीराला नेणाऱ्या अप्सरा, वर शिवलिंगाची पूजा असे कप्पे खोल कोरलेले असतात. उठाव सेंटिमीटरभर असला की कागद फाटतो, आकृती डागासारखी येते. त्यापेक्षा रात्री फोटो घ्या. कॅमेरा तिवईवर, टॉर्च दगडाला जवळजवळ समांतर, १० ते १५ अंशांवर धरून डावीकडून, उजवीकडून, वरून, खालून असे चार फोटो. दगडाशेजारी १० सेंटिमीटरची पट्टी. दिवसा न दिसणारी तलवारीची मूठ अशा तिरप्या प्रकाशात दिसते. त्या फोटोंवरून रेखाटन करा.

दगड स्वच्छ करायला तारेचा ब्रश, साबण, आम्ल काहीही नको. अक्षरं उठून दिसावीत म्हणून खडू भरू नका. मऊ कोरड्या ब्रशने धूळ झटकली की पुरे.

घासायचंच असेल तर घरातलं जातं, पाटा, उंबरा, खांबाखालचा तळखडा घ्या. ५० जीएसएमचा लांब रेषांचा पातळ कागद वर ताणून मास्किंग टेपने दगडाच्या बाजूंना लावा, बोटांनी दाबून कडा शोधा, मग मेणाच्या जाड कांडीची आडवी बाजू एकाच दिशेने हलकी फिरवा. ग्राफाइट वापरलं तर नंतर ते पुसलं जाऊ नये म्हणून फिक्सेटिव्हचा फवारा मारावा लागतो, मेणाला लागत नाही. जात्याच्या तळीवर टाकी लावल्याचे घाव एका टोकाला दाट आणि झिजलेल्या बाजूला पुसट मिळतात. किती वर्षं आणि कोणत्या बाजूने जास्त दळलं गेलं ते त्या ठशात वाचता येतं.

आजोबांच्या जुन्या फोटोंवरून सायनोटाइप (रसायन लावलेल्या कागदावर उन्हात उमटवलेले निळे छापे) करतो. बोअरच्या पाण्यात धुतल्यावर निळा रंग फिका पडतो. (एक वाचक, जळगाव)

तो निळा म्हणजे प्रशियन ब्लू, आणि तो अल्कली सहन करत नाही. बोअरचं जड पाणी बहुधा अल्कलीच असतं. पहिल्या धुण्यात एक लिटर पाण्याला १० मिलिलिटर पांढरं व्हिनेगर घाला, पुढची धुणी साठवलेल्या पावसाच्या किंवा आरओच्या पाण्यात करा. पिवळा अंश पूर्ण निघेपर्यंत धुवा, पण तासन्‌तास भिजत ठेवू नका. कागदही तपासा. टिकाऊ म्हणून विकल्या जाणाऱ्या काही कागदांत कॅल्शियम कार्बोनेट असतं, त्यावर हाच रंग काही महिन्यांत ओसरतो. कागदाच्या तुकड्यावर व्हिनेगरचा थेंब टाका, बुडबुडे आले तर तो कागद या कामाचा नाही.

प्रमाण: हिरवं फेरिक अमोनियम सायट्रेट २० ते २५ ग्रॅम १०० मिलिलिटर पाण्यात, पोटॅशियम फेरिसायनाइड १० ग्रॅम १०० मिलिलिटर पाण्यात. वेगळ्या गडद बाटल्यांत ठेवा, वापरायच्या वेळी सारखं घेऊन मिसळा. हातमोजे घाला, स्वयंपाकाची भांडी वापरू नका, फेरिसायनाइडजवळ तीव्र आम्ल कधीही आणू नका. उन्हाची वेळ ठरवायला एकाच पट्टीवर ३, ६, ९, १२ मिनिटं असे टप्पे घ्या. गडद भाग करडा, किंचित ब्राँझसारखा दिसू लागला की पुरेसं.

मूळ फोटो उन्हात ठेवायचा नाही, चिकटवायचा नाही, कापायचा नाही. ६०० डीपीआयवर स्कॅन करा, पासपोर्ट आकाराचा असेल तर १२०० वर. काचेला चिकटलेला फोटो ओढला तर चेहराच काचेवर राहतो. तो काचेसकट स्कॅन करा.

मातीच्या रंगातली चित्रं पावसाळ्यात कशी ठेवावीत? (एक वाचक, सिंधुदुर्ग)

डिंक हवेतलं पाणी घेतो, आणि बुरशीला डिंक आवडतो. फ्रेममध्ये काच आणि चित्र यांच्यात माउंटचा ३–४ मिलिमीटरचा अंतराळ हवाच, नाहीतर जूनमध्ये रंग काचेला चिकटतो आणि ऑक्टोबरमध्ये काचेबरोबर निघतो. बाहेरच्या भिंतीवर टांगू नका. टांगावंच लागलं तर फ्रेमच्या खालच्या दोन कोपऱ्यांना मागून बुचाचे सेंटिमीटरभर जाड तुकडे लावा, म्हणजे मागून हवा खेळते. सुट्या चित्रांची गुंडाळी करू नका, रंग तडकतो. मध्ये आम्लमुक्त कागद घालून आडवी, जमिनीपासून फूटभर वर ठेवा. वर्तमानपत्र नको. सिलिका जेलच्या पुड्या रंग बदलणाऱ्या घ्या म्हणजे कधी तापवून कोरड्या करायच्या ते कळतं. डांबराच्या गोळ्यांनी बुरशी थांबत नाही. बुरशी दिसली तर ओल्या फडक्याने पुसू नका. चित्र बाकीच्यांपासून वेगळं करा, पंख्याच्या खोलीत सावलीत दोन दिवस वाळू द्या, मग तोंडाला मास्क लावून मऊ ब्रशने बाहेरच्या बाजूला झटका.